बारा फूट

परवा मुलाने नव्या प्रोजेक्टरसाठी हॉल मोजायला टेप सर्रकन ओढली आणि मला घाटकोपरच्या चाळीतली आमची खोली आठवली. दादाने दुबईहून छोटा प्रोजेक्टर आणला होता आणि त्याच्या लग्नाची फिल्म बघायला शेजारी जमले होते. रविवारची भर दुपार, खिडक्यांना गोधड्या ठोकून केलेला काळोख आणि तापलेल्या दिव्याचा करपट वास. भिंतीवरच्या चादरीवर आठ फुटांवरून जेमतेम दोन फुटांचं चित्र पडत होतं. "हे काय रे, रुमालाएवढं?" दादा वैतागला. आईच्या शिवणकामाची टेप माझ्या हातात होती, शहाणपण मलाच सुचलं. "मशीन बारा फुटांवर नेलं तर तीन फुटांचं मिळेल. बाबांची खाट तेवढी मध्ये येते." अर्धांगवायूने वर्षभर पडून असलेले बाबा म्हणाले, "मग न्या ना बाहेर. मला काय." आम्ही दोघांनी खाट उचलून गॅलरीत ठेवली आणि उजेड येतो म्हणून दार लावून घेतलं. चित्र झकास आलं. त्यात बाबा होते, फेटा बांधून मांडवभर धावपळ करणारे, स्वतःच्या पायांवर. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, मीही वाजवल्या. फिल्म संपल्यावर दार उघडलं, तेव्हा बाबांनी एवढंच विचारलं, "मी दिसलो का रे?" परवा मुलगा टेप धरून मागे मागे सरकत माझ्या खुर्चीपाशी येऊन थांबला. तो काही बोलायच्या आत मी उठलो.