पायमशीनवरून उठताना

आमच्या भागात बायका नवऱ्याला मालक म्हणतात. तर आमचे मालक माझ्याच वर्गात शिकायला येणार आहेत, ही बातमी मला त्यांनी स्वतः दिली नाही. दिली ती आमच्या सुपरवायझर बाईंनी. "मॅडम, सकाळी एक गृहस्थ येऊन नाव नोंदवून गेले. पत्ता तुमच्या घरचाच दिसतोय," त्या म्हणाल्या आणि तोंडावर ओढणी धरून हसल्या.

मी लातूरच्या एमआयडीसीत शाळेचे गणवेश शिवणाऱ्या एका युनिटमध्ये आहे. नव्या लोकांना मोठ्या मशीनवर बसवायचं, शिकवायचं आणि परीक्षेला उभं करायचं, हे माझं काम. आधी मी घरी ब्लाउज शिवायचे. युनिट सुरू झालं तेव्हा त्यांनी आम्हा काही बायकांना शिकवण्याचं शिक्षण घ्यायला नांदेडला पाठवलं. अर्धापूरला माझी मावशी आहे, तिच्याकडे राहून मी रोज बसने नांदेडला जायचे. मावशी रोज केळी खायला घालायची, इतकी की आज केळं बघितलं तरी मी तोंड फिरवते. ते काही महिने मालक लातुरात एकटे होते. मुलगी उदगीरला सासरी. फोनवर ते एकच विचारायचे, "जेवलीस का?" आणि मी विचारलं, की "हाव, झालं जेवण" एवढंच सांगायचे. काय जेवले ते कधी सांगायचे नाहीत. मी परत आले तेव्हा घरात पोह्यांची रिकामी पाकिटं सापडली. तेव्हाच मी मनाशी म्हटलं होतं, आता पुन्हा असं वेगळं राहणं नको.

मालक जेंट्स टेलर. गंजगोलाईच्या मागच्या गल्लीत त्यांचं दुकान. पँट शिवावी तर त्यांनीच, असं म्हणणारी गिऱ्हाइकं किल्लारीपासून यायची. पण दुकान चालायचं ते पँटवर नाही, गणवेशावर. मे-जूनमध्ये दुकानात पाय ठेवायला जागा नसायची, नुसता निळा-पांढरा ढीग. मग शाळा तयार गणवेश घ्यायला लागल्या. ते तयार गणवेश आमच्या युनिटसारख्या ठिकाणी शिवले जातात. म्हणजे मालकांच्या हातातलं काम सरळ माझ्या हातात आलं. ते एका शब्दाने कधी बोलले नाहीत, आणि ते बोलले नाहीत याचाच मला जास्त राग यायचा. भांडले असते तर निदान मला उत्तर तरी देता आलं असतं. दुकानात आता लोक यायचे ते तयार पँटची लांबी कमी करून घ्यायला. ज्या माणसाने नवरदेवांचे सूट शिवले, तो दिवसभर दुसऱ्यांच्या पँटचे काठ दुमडत बसायचा.

मग पुण्याहून दाजींचा, म्हणजे मालकांच्या मोठ्या बहिणीच्या नवऱ्याचा फोन आला. दाजी तिथे एका सोसायटीत वॉचमन आहेत. दुसऱ्या गेटवर जागा निघाली होती. "महिनाअखेरपर्यंत जागा धरून ठिवतो," असं त्यांनी सांगितलं. राहायला बाकीच्या वॉचमन लोकांबरोबर एक खोली. बायकोला तिथे जागा नाही.

"जातो म्हणतो मी," मालक म्हणाले.

मी त्या दिवशी घर डोक्यावर घेतलं. हातात टेप घेऊन जन्म काढलेला माणूस गेटवर गाड्यांचे नंबर लिहीत बसणार? आणि मी इथे भिंतींशी बोलू? जे तोंडाला येईल ते बोलले. ते खाली बघत ऐकत राहिले. दुसऱ्या दिवशी मला न सांगता ते युनिटमध्ये येऊन नाव नोंदवून गेले.

संध्याकाळी मी विचारलं, "माझ्या हाताखाली शिकणार का तुम्ही?"

"हाताखाली कशाला? म्होरं बसून शिकतो की," ते म्हणाले. मग म्हणाले, "येकदा बघतो करून. परीक्षेत न्हाई जमलं तर पुण्याची गाडी हायच."

परीक्षा महिनाअखेरच्या आत होती. पास होईल त्याला युनिटच्या शिलाई लाइनवर पगारी काम, नाही त्याला नाही. या वयाच्या माणसाला युनिट पुन्हा दुसरी संधी देत नाही, हे मला माहीत होतं. मी ते त्यांना सांगितलं नाही.

वर्गात सगळ्या विशीतल्या पोरी, दोन-तीन पोरं आणि शेवटच्या मशीनवर आमचे मालक. पहिल्याच दिवशी हजेरी घेताना माझी पंचाईत झाली. नवऱ्याचं नाव मी लग्नातल्या उखाण्यानंतर कधी घेतलेलं नाही. यादी त्यांच्या नावापाशी आली आणि मी गप्प. पोरींनी लगेच ओळखलं. "मॅडम, उखाणा! उखाणा!" करून वर्ग डोक्यावर घेतला. तेवढ्यात मागून आवाज आला, "हजर हाय, मॅडम." सगळा वर्ग हसला, मीही हसले. पण नवऱ्याच्या तोंडून मॅडम ऐकताना माझे कान तापले ते तापलेच.

मशीनवर बसण्याआधी त्यांनी त्याला हात लावून तो कपाळाला लावला, दुकानात रोज लावतात तसा. पोरी बघत राहिल्या. दुसऱ्या दिवसापासून त्यातल्या निम्म्या पोरी तसंच करायला लागल्या.

मला वाटलं होतं, यांना शिकवायचंच काय आहे? कापड यांच्या बोटांना ओळखतं. आणि घोडं अडलं ते भलतीकडेच.

आमच्या मशीनला खाली रुंद पायडल असतं. पुढे चवडा दाबला की मशीन पळतं. पाय सैल सोडला की थांबतं. आणि टाच मागे दाबली की मशीन आपोआप दोरा कापतं, खट् असा आवाज होतो. शिवण संपली की टाच दाबायची, पुढचा तुकडा घ्यायचा, इतकं सोपं. पण मालकांचा जन्म पायमशीनवर गेलेला. तिथे पाय झोपाळ्यासारखा चालतो, चवडा-टाच, चवडा-टाच, त्याशिवाय चाक फिरतच नाही. त्यांचा पाय इथेही तसाच चालायचा. चार बोटं शिवण झाली की टाच खाली जायची आणि खट्. दोरा कापला. पुन्हा चार बोटं, पुन्हा खट्. त्यांच्या शर्टाची बाही म्हणजे नुसते तुकडे-तुकडे टाके.

आधी त्यांना वाटलं मशीन खराब आहे. मी मशीन बदलून दिलं. त्या मशीनवरही तेच.

"टाच हलवू नका," मी म्हणायचे.

"न्हाई हलवत," ते म्हणायचे आणि थोडा वेळ खरंच हलवायचे नाहीत. तेवढा वेळ त्यांची शिवण वाकडी जायची, कारण सगळं लक्ष पायात. मग हळूहळू कापडात जीव रमायचा, शिवण सुतासारखी सरळ यायची आणि पाय आपल्या जुन्या चालीवर जायचा. खट्. काम मनासारखं व्हायला लागलं की दोरा तुटायचा, असा तो विचित्र प्रकार होता. शेजारची शिरूर अनंतपाळची पोरगी, माझ्या माहेरच्या गावची, जिने आधी सुईत दोराही ओवला नव्हता, ती आठवड्याभरात भराभर बाह्या जोडायला लागली. आणि हे मान खाली घालून पुन्हा पुन्हा तुटलेली शिवण उसवत बसायचे.

एक दिवस माझा तोल गेला. सगळ्यांसमोर मी म्हणाले, "अहो, किती वेळा सांगायचं? पाय तुमचाच आहे ना?"

पोरींची मशीनं थांबली. ते खाली वाकून पुन्हा शिवण उसवायला लागले. परत येताना बसमध्ये माझ्या शेजारची जागा मोकळी होती, तरी ते पुढे उभे राहिले, दांड्याला धरून. घरी पोचल्यावर त्यांनी माळ्यावरची मोठी बॅग काढून झटकली आणि दाराशी ठेवली. मला रडूच आलं, पण मी कांदा चिरायला घेतला.

रविवारी ते दुकानात गेले. एक-दोन पँट द्यायच्या राहिल्या होत्या. घराची किल्ली त्यांच्याकडेच राहिली म्हणून मी मागोमाग गेले. ते पाठमोरे बसून शिवत होते, मी आल्याचं त्यांना कळलं नाही. मी उंबऱ्याशीच थांबले. लग्न झाल्यापासून मी त्यांना शिवताना बघत आले आहे, पण बघायचे ते हात. त्या दिवशी पहिल्यांदा मी पाय बघितला. आणि माझ्या ध्यानात आलं, की ही चाल थांबणारी नाही. ती थांबवली तर हातही थांबतील. मी इतके दिवस भलत्याच गोष्टीसाठी त्यांच्या मागे लागले होते.

"पाय चालू द्या तुमचा," मी म्हणाले.

ते दचकून वळले. "आं?"

"टाच चालू द्या. फक्त ती पायडलवर ठेवू नका."

घरी येऊन मी इस्त्रीची लहान फळी काढली, तिच्याखाली मधोमध लाटणं ठेवलं. झालं पायडल. ते मागे सरकले. "लाटण्यावर पाय? डोकं ठिकाणावर हाय का तुजं?"

"जुनं आहे, नवं आणीन. ठेवा."

त्यांनी वाकून लाटण्याला नमस्कार केला, मनातल्या मनात माफीसुद्धा मागितली असेल, आणि मग पाय ठेवला. पूर्ण पाऊल ठेवलं की फळी मागेपुढे डुलायची. मी त्यांचा घोटा धरून पाय मागे ओढला, म्हणजे फळीच्या पुढच्या अर्ध्यावर फक्त चवडा आणि टाच फळीच्या मागे, जमिनीवर. आता टाच किती का उठेना-बसेना, फळीचा मागचा भाग दबेचना. ते खुर्चीत बसून हवेत कापड धरल्यासारखे हात पुढे करून पाय चालवत राहिले आणि मी खाली बसून फळीकडे बघत राहिले. कुणी खिडकीतून बघितलं असतं तर दोघांनाही दवाखान्यात नेलं असतं.

"दोरा कापायचा आसला तर?" त्यांनी विचारलं.

"मग पाय पुढे सरकवा आणि टाच दाबा. मुद्दाम."

"मुद्दाम," ते म्हणाले, आणि बऱ्याच दिवसांनी हसले.

वर्गात आम्ही पोरींना शिकवतो ते पूर्ण पाऊल पायडलवर ठेवायला. सुपरवायझर बाईंनी मालकांचा पाय बघितला आणि माझ्याकडे भुवई वर केली. मी म्हटलं, शिवण बघा. त्यांनी शिवण बघितली आणि पुढे गेल्या. आता एकच भीती उरली होती, की परीक्षेच्या घाईत टाच पुन्हा आपोआप पायडलवर चढेल.

परीक्षा घ्यायला नांदेडहून एक मॅडम आल्या. शिकवणाऱ्याने आत थांबायचं नाही, असा नियम. मी बाजूच्या कटिंग विभागात जाऊन कापडाच्या गठ्ठ्यावर बसले. भिंतीपलीकडे सगळी मशीनं एकदम सुरू झाली आणि मग खट्, खट् ऐकू यायला लागलं. पोरीही दोरा कापणारच, तेच तर शिकवलं होतं त्यांना. पण प्रत्येक खट् मला त्यांचाच वाटला. मी कानात बोटं घातली, मग काढली, पुन्हा घातली. कटिंग मास्तर म्हणाले, "मॅडम, पाणी आणू का?" मी नको म्हणाले. तरी ते जाऊन घेऊन आले. मी देवाला काहीही बोलले नाही. उदगीरच्या मुलीला मिस्ड कॉल दिला आणि तिचा फोन आल्यावर उचलला नाही.

मशीनं थांबली. पुढे बराच वेळ गेला. मग दार उघडून सुपरवायझर बाई आल्या. त्यांच्या हातात दोन बाह्या जोडलेला शर्ट होता. त्यांनी तो माझ्या मांडीवर टाकला. मी खांद्यापासून काखेपर्यंत बोट फिरवलं. अखंड. एकही जोड नाही.

"पास," त्या म्हणाल्या. "मॅडमनी विचारलं, असा पाय ठेवायला कुणी शिकवलं. मी तुमचं नाव सांगितलं."

मला वाटलं होतं मी रडेन. मी रडले नाही, मला मोठ्याने हसू फुटलं. छातीवर बसलेलं काहीतरी उठून गेलं, इतकं मोकळं मोकळं वाटलं. त्या शर्टाने तोंड पुसणार होते, कटिंग मास्तरांनी वेळेत ओढून घेतला.

मालकांनी घरी येऊन दाजींना स्वतः फोन लावला. "न्हाई येत दाजी. इथंच जमलं," एवढंच म्हणाले. पलीकडून दाजी बराच वेळ काहीतरी बोलत होते. मालक नुसते हाव, हाव करत ऐकत राहिले. फोन ठेवून त्यांनी बॅग माळ्यावर टाकली. कितीतरी दिवसांनी त्या रात्री मी एका कुशीवर झोपले ती सकाळीच उठले.

लाइनवरच्या पहिल्या दिवशी जेवणाची घंटा झाली. कँटीनमध्ये बायका एका बाजूला बसतात, पुरुष दुसऱ्या. मालक डबा घेऊन दारात उभे राहिले, इकडे बघितलं, तिकडे बघितलं आणि सरळ माझ्या समोर येऊन बसले. पोरींनी एकमेकींना कोपरं मारली. आमचं लग्न होऊन इतकी वर्षं झाली, पण ते दुपारी दुकानात जेवायचे, मी घरी किंवा युनिटमध्ये, आणि वर्ग चालू होता तेव्हाही ते पोरांबरोबर बसायचे. कामाच्या दिवशी दुपारी आम्ही कधी एकत्र बसलोच नव्हतो. त्यांनी भाकरी मोडली, ठेचा माझ्या बाजूला सरकवला आणि खाली बघतच म्हणाले, "पुण्यात कोनासंगं जेवलो आसतो गं मी?"

मी ठेचा पुन्हा त्यांच्या बाजूला सरकवला. "जेवा आता," मी म्हणाले. "घंटा व्हायच्या आत."