सुपडूआप्पाची चपटी

सुपडूआप्पा गेला हे मला टपरीवर कळलं, आणि चहा हातात यायच्या आत कारणही कळलं. "दारूनीच लई गयी त्याले," चहावाला कप विसळत म्हणाला. बाकावरच्या चौघांनी माना डोलावल्या. काय तो आत्मविश्वास! ज्याने जन्मात थेंब घेतला नाही, त्याला दारूने नेलं?

नंदुरबारबाहेर मिरचीच्या पथाऱ्या आहेत, मैदानभर लाल मिरची वाळत घातलेली. तिथे आप्पाने उभा जन्म मिरची हलवली, निवडली. डोळे कायम लाल, पाणावलेले. गुडघा गेलेला, म्हणून चाल झोकांडणारी. आणि सदऱ्याच्या खिशात दारूची चपटी बाटली! तिच्यात असायचं तिळाचं तेल. कामाला लागण्याआधी हातांना चोळायचं, नाहीतर दिवसभर आगडोंब. "लोकांना सांगत का नाहीस?" मी एकदा विचारलं. तो आपल्या लाल डोळ्यांकडे बोट करून हसला. "तोंडनं कोण आयकस, भाऊ? लोके डोया दखतस."

म्हणजे मला सगळं ठाऊक होतं... तरी मी टपरीवर त्याची नक्कल करायचो. खरं सांगितलं की लोक जांभया देतात, झोकांडी दिली की टाळ्या पडतात! दोन हिवाळ्यांपूर्वी लोणखेड्याचे दोघे अनोळखी टपरीवर आले. "सुपडूआप्पा माणूस कसा?" मला तेवढंच हवं होतं. उठलो, डुललो, हवेतली चपटी तोंडाला लावली आणि थेट बाकावर कोसळलो. दोघे हसले, चहा अर्धा टाकून निघून गेले. व्यापारी असतील, म्हटलं.

दहाव्याला आप्पाची मुलगी मंगला मला बाजूला घेऊन म्हणाली, "काका, मले दखाले येनारा पाव्हना टपरीवरूनच परत गयात. बाबाले समजनं व्हतं. म्हने, भाऊले सांगजो नको, त्याले वाईट वाटी." म्हणजे लोणखेड्याचे ते दोघे व्यापारी नव्हते, तिला बघायला आले होते! मग तिने बापाची चपटी माझ्या हातात ठेवली. तिच्या आवाजात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं...

टपरीवर मी ती बाटली चौघांसमोर आपटली. फुफ्फुसांत मिरची बसून माणूस मेला, हे ओरडून सांगितलं. त्या दोघांसमोर मी काय केलं, तेही सांगितलं. चौघे हसायला लागले. त्यांना वाटलं, नवी नक्कल. चहावाल्याने एकदा चपटीकडे, एकदा माझ्या लाल डोळ्यांकडे पाहिलं. "तुम्हीबी सुरू कयी का, भाऊ?"

मी झाकण उघडून बाटली त्याच्या नाकाखाली धरली. त्याने श्वास रोखून तोंड फिरवलं.

चपटी आता माझ्या खिशात असते. रोज टपरीवर जातो, रोज झाकण उघडतो. अजून कुणी वास घेतलेला नाही.