वारलूभाऊचं उठणं

झाडीपट्टीत वारलूभाऊसारखं मरणारा दुसरा नट नव्हता. वडशाच्या आमच्या नाटक कंपनीत तो मरायचा आणि मी पेटी वाजवायचो. पण शेवटी त्याला उठून प्रेक्षकांना हात जोडावेच लागत. मेलेला नट उठल्याशिवाय आमच्याकडे कोणी मांडवातून हलत नाही. मरण घरी न्यायचं नसतं.

म्हणून पुण्याची नीलिमा आली तेव्हा माझ्या मनात पाल चुकचुकली. ती कुण्या फ्रेंच कवीवर छोटी प्रायोगिक फिल्म करत होती. त्याचं मरण आणि त्याच्या मागे काय उरलं, एवढंच. कवी फ्रान्सचा आणि मरायला माणूस वडशाचा! वारलूभाऊने मोहाच्या झाडाखाली नुसतं मरून पडायचं, वरून कविता ऐकू येणार.

त्याची बायको, चंदावहिनी, तिने सरळ विचारलं, "मंग हे उठतीन कवा?"

"कवी उठत नाही ना, बाई," नीलिमा हसली.

"कवी नसन उठत. माह्या माणसाले तसाच पडलेला नेत असान, तं मी याईले पाठवत नाई."

उठणंही फिल्ममध्ये घ्यायचं नीलिमाने कबूल केलं. फार चटकन कबूल केलं, तिथंच मला खटकलं. शूटिंगच्या दिवशी वारलूभाऊ असा मेला की वहिनीने तोंड फिरवलं. मग तो उठला, धोतरावरचा पाला झटकला आणि कॅमेऱ्याला हात जोडले. पण कॅमेऱ्याचा लाल दिवा मला काही दिसला नाही.

"बंद होता तो," परतताना मी म्हणालो. "फसवलं आपल्याले."

"तुले सारंच खोटं वाटते, नईम. मी तं उठलो ना?"

पावसाळ्यात वारलूभाऊच्या छातीत कळ आली आणि तो खरंच गेला. थंडीत नीलिमा फिल्म घेऊन आली. आमच्या मांडवात फुकट दाखवते म्हणाली, तशी मला जास्तच शंका आली. वहिनीला म्हटलं, येऊ नका. तिने ऐकलं नाही, अगदी पुढे जाऊन बसली.

पडद्यावर वारलूभाऊ मेला. कविता संपली, पडदा काळा झाला. अख्खा मांडव जागचा हलेना. मी दातओठ खात नीलिमाकडे बघत होतो, तेवढ्यात पडदा उजळला. वारलूभाऊ उठला, पाला झटकला, हात जोडले.

"चाला, उठला," म्हणत लोक निघाले. मांडव रिकामा झाला. वहिनी तेवढी बसून राहिली.

"वहिनी, चाला. उठला ना भाऊ."

"पाह्यलं मी," ती म्हणाली. "उठले तं मंग घरी काऊन नाई आले, नईमभाऊ?"