मामावर संशय

खून मला चांगले जमतात, याबद्दल मला कधीच शंका नव्हती. निजामाविरुद्धच्या पोलीस ॲक्शननंतर काही वर्षं मी जालन्याच्या तहसील कचेरीत कारकुनी केली आणि फावल्या वेळात कागदावर माणसं मारली. पुण्याच्या एका प्रकाशकानं माझ्या रहस्यकादंबऱ्या छापल्या आणि वाचनालयांतून त्या पानं सुटेपर्यंत फिरल्या.

माझी रीत ठरलेली होती. कादंबरी पाठवण्याआधी रविवारी गावातल्या मस्तगड भागातल्या चहाच्या हॉटेलात ती मोठ्यानं वाचायची, शेवटच्या प्रकरणाआधी थांबायचं आणि खुनी कोण ते मंडळींना विचारायचं. एकानंही ओळखलं, तर पुन्हा लिहायची. तिथल्या व्यापाऱ्यांना आणि वकिलांच्या कारकुनांना गंडवलं, की उरलेला मुलूख मला किरकोळ वाटे.

अशात मुंबईच्या एका निर्मात्यानं चित्रपटासाठी कथा मागितली. ती पसंत पडली तर नोकरी सोडायची आणि लिहिण्यावरच जगायचं, असं मी ठरवून टाकलं. ही नोकरी मामांनी खटपट करून लावली होती. आईवडील गेल्यावर त्यांनीच मला वाढवलं. मस्तगडात त्यांचं कापडाचं दुकान होतं आणि माझ्या लिहिण्याला ते ‘रिकामे धंदे’ म्हणत.

या कथेतला खुनी मामाच होता. पोरक्या भाच्याला सांभाळणारा देवमाणूस. भाच्याची जमीन बळकावणाऱ्या चुलत्याला तो मारतो. आमच्याकडे चुलत्याला कुणीही चटकन वाईट ठरवतो, मामावर मात्र स्वप्नातही संशय घेत नाही. माझा डाव तोच होता.

त्या रविवारी मामा पहिल्यांदाच वाचनाला आले. मंडळींनी गडी, तलाठी, चुलती, सगळ्यांवर आळ घेतला. मग मामा शांतपणे म्हणाले, “मामानं मारलंय.”

“कशावरून?”

“लईच गोड लिवलास त्याला. एवढा गोड मामा असतो का कुठं? मी तरी हाय का?”

हॉटेल खो खो हसलं. माझा असा जळफळाट झाला की चहा तसाच टाकून घरी आलो. पण रीत म्हणजे रीत. कथेतला मामा नव्यानं लिहिला: सकाळपासून खेकसणारा, कंदिलाची वात मोठी केली की ओरडणारा, भाच्याचं कौतुक फक्त त्याच्या माघारी करणारा. पुढच्या वाचनाला मामा दुकानातच राहिले आणि बाकी कुणालाही खुनी सापडला नाही. निर्मात्यानं कथा घेतली, पटकथाही माझ्याकडूनच लिहून घेतली. मी राजीनामा दिला. मामांनी बरेच दिवस अबोला धरला.

चित्रपट जालन्यात लागला तेव्हा मी त्यांना घेऊन गेलो. पडद्यावरचा मामा खेकसला की लोक हसत. शेवटी त्याला फाशी होते, तेव्हा सगळी टॉकीज चिडीचूप झाली आणि आपलं काम फत्ते झालं हे मला कळलं.

बाहेर पडल्यावर मी विचारलं, “आता जमला का मामा?”

“बराबर जमला.” थोडं चालून ते थांबले. “पण त्याला फासावर दिलास. मंग त्या पोराकडं आता कोण बघून राह्यलं?”

इतकी माणसं मारली, पण हा प्रश्न मला कधी पडला नव्हता. 

“ते मी लिहिलंच नाही, मामा.”

“मंग लिव,” ते म्हणाले. “आता तुला दुसरं काम तरी काय हाय?”