ज्याच्या हातात चेंडू नाही

माझा चुलतभाऊ अमेरिकेत पगारावर फुटबॉल खेळला. त्यांचा फुटबॉल. त्यात पायाला फारसं काम नाही, अंगावर जाणं आहे. रत्नागिरीजवळच्या आमच्या खाडीकाठच्या गावात ही गोष्ट लग्नाच्या मांडवात अभिमानाने सांगतात. हुतुतू खेळणारं पोर दुबईला गेलं. तिथे इंग्रजांत रग्बी खेळलं. तिथून अमेरिकेला गेलं. तीन वाक्यांत गोष्ट संपते आणि पुढे बिर्याणीची ताटं येतात. दुसऱ्या आणि तिसऱ्या वाक्याच्या मधे काय झालं ते मला ठाऊक आहे, कारण मी तिथे होतो.

मी त्याला भाई म्हणतो. शारजाच्या ब्रिटिश छावणीत तो भटारखान्यात कामाला होता. एका शुक्रवारी सोल्जरांच्या टीमला एक माणूस कमी पडला आणि त्यांनी याला कांदे सोलता सोलता उचलून नेला. मैदान म्हणजे वाळू, ती बसावी म्हणून वर काळं तेल शिंपडलेलं. एक धिप्पाड सोल्जर चेंडू काखेत मारून धावत आला, आणि भाईने हुतुतूत धरतात तसा त्याचा घोटा धरला. सोल्जर तोंडावर आपटला, उठला, थुंकला आणि हसला. त्यानंतर दर शुक्रवारी भाई मैदानात.

मला तो सांगायचा, "न्यायाचा खेळ आहे रे. चेंडू ज्याच्या हातात, त्यालाच पाडायचं. दुसऱ्याला नुसता धक्का दिलास तरी शिटी."

न्याय हा शब्द आमच्या घरातला. माझे वडील मुंबईच्या गोदीत युनियनची पत्रकं लिहायचे. घरात पुस्तकं नव्हती, पत्रकांचे गठ्ठे होते, आणि मी त्यांच्यावरच वाचायला शिकलो. 'बंधूंनो, उठा!' हे वाक्य मला कलम्याइतकंच लवकर पाठ झालं. म्हणून भाईचा खेळ मला आवडायचा. गोऱ्याला वाळूत पाडायचं, तेही त्याच्याच कायद्याने!

मग त्याला एका अमेरिकनाने खेळताना पाहिलं.

हा अमेरिकन तेल शोधणाऱ्या एका कंपनीचा ड्रिलर होता. जबल अलीच्या पलीकडे, जिथे तेव्हा वाळू आणि वाराच होता, तिथे त्यांचा कॅम्प होता. मीही तिथेच टाइमकीपर होतो. त्या वेळी तिथे एकच असा देश नव्हता. शेखांची राज्यं होती आणि वर इंग्रज होते. कॅम्पात मात्र कंपनीचंच राज्य. आमच्या गँगचा मुकादम होता भाईचा सख्खा मामा. आम्ही सगळे त्याला मामू म्हणायचो. गावातल्या आम्हा पोरांना त्यानेच एकेक करून आणलं होतं.

ड्रिलरने भाईला कॅम्पात नोकरी दिली आणि एक वचन दिलं. टेक्सासमध्ये त्याच्या भावाची पगार देणारी टीम होती. भाई तयार झाला की कंपनीच्या विमानाने त्याला पाठवणार, कागदपत्रं कंपनी करणार. मामू त्या दिवशी कॅम्पभर सांगत फिरला, "माझी बहीण विधवा आहे. दुसऱ्याच्या घरी मासळी साफ करते. आता बघा."

तयारी सुरू झाली. क्रेनला वाळूची पोती टांगली होती, त्यांना भाईने खांद्याने मारायचं. मग पोत्यांच्या जागी माणसं आली. पहिल्या दिवशी मी बाजूला उभा होतो. ड्रिलरने समोरच्या रिकाम्या हाताने उभ्या असलेल्या माणसाकडे बोट केलं आणि म्हणाला, "याला पाड."

भाई गोंधळला. "सर, इसके पास बॉल नहीं है."

ड्रिलर मोठ्याने हसला. इतकी वर्षं इथे राहून त्याला मोडकी हिंदी येत होती. "बॉल को भूल जाओ, हबीबी. बॉल तुमको कभी नहीं मिलेगा. तुम्हारा काम ये आदमी."

भाईने त्याला पाडलं. तो माणूस बराच वेळ उठला नाही.

पुढच्या विमानाने हेल्मेट आलं, तोंडापुढे लोखंडी गज असलेलं. ते घातलं की मला भाईचे डोळे शोधावे लागायचे. त्याची खाट आमच्या तंबूतून अमेरिकनांच्या बाजूला गेली. जेवण त्यांच्या मेसमध्ये, पाणीही तिथलंच, डब्यातलं. तो आमच्याकडे यायचा, पण आला की बोलणी आपोआप थांबायची. मी विचारलं, "भाई, हुतुतूत दमाचा खेळ होता. यात काय आहे?"

"यात विचार नाय करायचा," तो म्हणाला. "तेच कठीण आहे."

पाण्याची गोष्ट इथे येते. ज्या टँकरमधून एक दिवस डिझेल यायचं, त्याच टँकरमधून दुसऱ्या दिवशी आमचं पिण्याचं पाणी यायचं. पाण्यावर रंग तरंगायचे. चहाला वास, भाताला वास. निम्मी गँग पोट धरून बसलेली. मामूच्या शौचातून रक्त जात होतं, आणि तो ते सगळ्यांपासून लपवत होता. मी त्याच्याच तंबूत असल्यामुळे मला कळलं.

मी पत्रक लिहिलं. दहा मागण्या होत्या. मामूने मला वाचायला लावलं आणि म्हणाला, "नऊ खोड. दहा मागितल्यास की ते दहांवर चर्चा करतील. एकच माग. पाण्याला वेगळा टँकर."

ठरलं, सकाळच्या पाळीला कामावर जायचं नाही. ऑफिसच्या केबिनपुढे बसायचं. कोकणी, बलुची, पठाण, सगळे.

आदल्या संध्याकाळी भाई आला. मला बाहेर नेलं. "उद्या तू पुढे बसू नको."

"का?"

"सांगतोय ना."

"तू कुठे असशील?"

तो वाळूत बुटाने रेघ ओढत राहिला. "त्यांनी सांगितलंय, दारापुढे उभं राहा. नुसतं उभं."

"हेल्मेट घालून?"

रेघ बुटाने पुसून तो निघून गेला. मी कुणाला सांगितलं नाही. सांगितलं असतं तर लोक घाबरले असते, आणि मला ते बसायला हवे होते.

सकाळी आम्ही बसलो. मी पहिल्या रांगेत मामूच्या शेजारी. वारा सुटला होता, वाळू दातांत येत होती. केबिनचं दार उघडलं आणि ड्रिलर बाहेर आला. त्याच्या मागून त्याच्या हाताखालचे चार गोरे आले, आणि मधे भाई. खांद्यांवर पॅड, तोंडापुढे गज. तो आमच्यापासून हाताच्या अंतरावर येऊन उभा राहिला. एक बलुची पुटपुटला, "या अल्ला." मागच्या रांगा सरकल्याचा आवाज आला.

"यल्ला, काम पे!" ड्रिलर ओरडला.

कुणी हललं नाही. तेव्हा मामू आमच्या बोलीत भाईशी बोलला, अगदी सावकाश, जेवलास का विचारावं तसा.

"पोरा, आम्ही नाय उठलो तर काय करायला सांगितलंय तुला?"

भाईने हेल्मेटचा पट्टा ओढला.

"बोल की. पिंजरा तोंडाबाहेर आहे, तोंडात नाय ना?"

मागे कुणीतरी हसलं. भाईचा आवाज गजांमागून आला. "मामू, उठा."

"आणि नाय उठलो तर?"

"तर एकेकाला बाजूला करायचंय. पहिले तुम्ही."

"आणि नाय केलंस तर?"

"तर विमान खलास."

मामूने मान खाली घातली. त्याच्या कपाळावर घाम होता, आणि ऊन अजून चढलं नव्हतं. मी त्याच्या कानात म्हटलं, "मामू, बसा. तो करणार नाही. त्याची हिंमत नाही." मामूने माझ्याकडे पाहिलं. मग माझ्या खांद्यावर भार देऊन तो उभा राहिला आणि सगळ्यांकडे वळला.

"चला रे. कामाला."

मी ओरडलो. काय ओरडलो ते आठवत नाही, बहुतेक वडिलांच्या पत्रकांतलंच काहीतरी. मामूने माझा दंड धरला.

"पाण्याचं पुन्हा बघू. विमान पुन्हा येत नाय."

"आणि तुमचं पोट?"

"पोट माझं आहे. ती बहीणही माझीच आहे. तू गप्प चल."

कोकणी उठले, ते बघून बलुची उठले, मग पठाण. ते भाईला घाबरून उठले, असं ड्रिलरला वाटलं. तो भाईच्या हेल्मेटवर थापा मारत ओरडत होता, "हात नहीं लगाया! देखो, हात भी नहीं लगाया!" मला ड्रिलरचा राग आला. त्याहून जास्त मामूचा. पत्रकात शत्रू असतो, फितूर असतो. भाच्यासाठी स्वतःहून उठून जाणाऱ्या आजारी माणसाला काय म्हणायचं, ते कुठल्याच पत्रकात नव्हतं. अजूनही मी तो शब्द शोधतो आहे, आणि अजूनही मला तो राग बरोबरच वाटतो.

दुपारी भाई टँकरजवळ भेटला. हेल्मेट काढलेलं, केस ओले. म्हणाला, "मी कुणाला हात लावला नाही."

"लावला असतास?"

त्याने खोटं सांगितलं असतं तर मी मानलं असतं.

"धडक मारायला पाय रोवले होते," तो म्हणाला.

तो गेला त्या दिवशी मामू धावपट्टीवर आला. धावपट्टी म्हणजे दाबलेली वाळू आणि दोन पिंपं. दोघांनी त्याला धरून आणलं होतं, कारण त्याला चालवत नव्हतं. विमान उठलं, धूळ आमच्यावर आली, मामू धुळीतच हात हलवत राहिला.

"गेला?" त्याने विचारलं. डोळ्यांत वाळू गेली होती.

"गेला."

"इन्शाल्ला, बरं होईल त्याचं. आता तुझं ते पत्रक काढ. परत बसू."

बसू म्हणाला खरा, पण तंबूत नेल्यावर तो खाटेवरून उठलाच नाही. ताप चढत गेला, ओठ फुटले, आणि पाणी मागितलं की आम्ही त्याच टँकरचं पाणी उकळून देत होतो. दवाखाना दुबईला, आणि कंपनीची गाडी तिकडे जायला अजून दोन दिवस होते. त्याच दिवशी मागितली तर केबिनमधून आधी कामावर जा म्हणाले.

म्हणून दुसऱ्या सकाळी आम्ही पुन्हा केबिनपुढे बसलो. आता दोन मागण्या होत्या, टँकर आणि गाडी. माणसं निम्मीच आली. दार उघडलं. ड्रिलरच्या मागून भाईचंच हेल्मेट घातलेला एक नवा माणूस बाहेर आला. कुठला होता कुणास ठाऊक. आमच्यातला नव्हता. रंगावरून, उंचीवरून काही कळत नव्हतं. तो आमच्याकडे बघत नव्हता, आमच्या मागच्या वाळूकडे बघत होता. मी रांगेत पाहिलं. त्याला काही विचारायला कुणी पुढे होत नव्हतं, सगळे माझ्याकडे बघत होते.

मी उठलो आणि त्याच्यासमोर गेलो. त्याला कुठली भाषा येते ते मला माहीत नव्हतं. मामूचाच प्रश्न घेऊन मी हिंदीतून सुरुवात केली.