चरित्रातलं शेवटचं प्रकरण

आमच्या वाचनालयातून देवघरेबाई फक्त चरित्रं नेतात. तत्त्वज्ञ, चित्रकार, गवई, कोणीही चालतो. परवा त्यांनी एका चित्रकाराचं चरित्र परत केलं, तेव्हा मी मागेच उभा होतो. खुणेला घातलेलं बसचं तिकीट शेवटच्या प्रकरणाआधीच राहिलं होतं. मला राहवेना. म्हटलं, "बाई, थोडंच उरलंय की! मुदत वाढवून घ्या."

"नको हो," त्या म्हणाल्या. "शेवटचं प्रकरण मी वाचतच नाही. जन्मभर दवाखान्यात नर्स होते, माणसांची शेवटचीच प्रकरणं बघितली. ही माणसं तरी जिवंत परत करते."

माझी खोड नेमकी उलटी. मी चरित्र हातात घेतलं की आधी शेवट उघडतो. मोठा माणूस जाताना काय बोलला ते बघतो आणि मग सावकाश त्याच्या आयुष्याकडे वळतो. जणू तो बिचारा तेवढं एक वाक्य बोलायलाच जन्माला आला होता! बाईंचं ऐकलं आणि माझी मलाच लाज वाटली.

ते पुस्तक मीच घरी आणलं. तिकीट होतं तिथेच उघडलं. म्हातारा चित्रकार अंगणात बसलाय. भेंडीच्या फुलाचा पिवळा काही केल्या जमत नाही म्हणून चिडलाय. शेवटी कुंचला धुऊन ठेवतो आणि सुनेला सांगतो, "राहू दे. उद्या सकाळच्या उन्हात बघू."

पान उलटायला बोट लावलं होतं, ते काढून घेतलं. त्याची सकाळ अजून व्हायची आहे.