अब्बांच्या हाकेमागचा आवाज

अम्मा टीव्हीसमोर मेथी निवडत बसली होती. जुन्या काळावरची कुठलीशी मालिका सुरू होती. पडद्यावर आठवडी बाजार दिसला आणि मागून हाक आली, "काकणं भरा बायांनो, काकणं! हिरवी, लाल, राजवर्खी!"

अम्माचे हात थांबले. "ह्यो तुज्या अब्बांचा आवाज हाय."

आम्ही आता बारामतीत राहतो, पण अब्बांनी जन्मभर इंदापूरच्या बाजारात बांगड्या विकल्या. त्यांना जाऊन वीसेक वर्षं झाली. "अम्मा, अशी हाक कुणीही देतं," मी म्हणालो खरा, पण मलाही ओळख पटली होती. 'बायांनो' म्हटल्यावर अब्बा श्वास घ्यायला थांबायचे, अगदी तसंच.

मग अम्माने सांगितलं. माझ्या जन्माआधी पुण्याहून एक गृहस्थ टेपरेकॉर्डर घेऊन बाजारात आले होते, विक्रेत्यांच्या हाका गोळा करायला. त्या दिवशी माझी चार वर्षांची बहीण अब्बांना खेटून बसली होती. त्याच साली ती तापाने गेली. तिचा एकही फोटो नाही. आमच्या घरात तिचा विषय कुणी काढत नसे.

"पोरगी मधीच बोलली व्हती. समदी हसली व्हती," अम्मा म्हणाली. "ते कुठं गेलं?"

मी वाहिनीला पत्र लिहिलं. पंधरा दिवसांनी मालिकेच्या आवाजाचं काम बघणाऱ्या बाईंचा फोन आला. टेप एका संग्रहातली होती, खूप खरखरत होती. हाक स्वच्छ ऐकू यावी म्हणून मागचे आवाज त्यांनी काढून टाकले होते.

"मागे लहान मुलगी होती का?" मी विचारलं.

"होती," त्या म्हणाल्या. "तिचा आवाज काढायलाच सगळ्यात जास्त वेळ लागला." ती कोण हे मी सांगितल्यावर त्या म्हणाल्या, "मूळ टेप मिळवते." संग्रहवाल्यांची परवानगी काढून त्यांनी मूळ आवाज पाठवला.

दुपारी मी अम्माच्या कानात इअरफोन घातला, दुसरा माझ्या कानात. आधी नुसती खरखर. मग बायांची घासाघीस, अब्बांची हाक आणि लगेच एक बारीक आवाज, "अब्बा, मला बी भरा की!"

लोक हसले. अब्बाही हसत म्हणाले, "हात मोठा व्हऊ दे, मग कोपरापातूर भरतो."

अम्माने इअरफोन काढून माझ्या हातात दिला.

"तापात व्हती तवा भरली त्यांनी," ती म्हणाली. "सगळ्यात लहान मापाची आणली व्हती. तरी हातातनं निसटून पडायची."

मी विचारलं, "तिचं नाव काय होतं?"

अम्माने नाव सांगितलं. मग एकदा स्वतःशीच, हळू आवाजात, पुन्हा घेतलं.